खाँसाहेबांचा थोरला मुलगा

दर रविवारी सकाळच्या गाडीने मी बडोद्याहून सुरतेकडे जातो आणि उधना स्थानकावर उतरून बमरोलीची वाट धरतो. सुरतेच्या दक्षिण अंगाला, पांडेसऱ्याजवळची ही वस्ती. रस्त्याच्या दोन्ही बाजूंना लूमचे कारखाने. त्यांची खटखट रविवारीही सगळी थांबत नाही. पोटासाठी खानदेशातून आलेली मराठी कुटुंबे तेथे पुष्कळ. त्यांतल्या काही हौशी मंडळींनी मुलांसाठी गाण्याचा वर्ग काढला आहे आणि तो चालविण्याचे काम गेली काही वर्षे माझ्याकडे आहे. एका देवळामागची खोली, एक पेटी, तबल्याची जोडी, विजेवर चालणारा तंबोरा आणि पंधरा-वीस मुले, एवढाच तो पसारा.

या वर्गात एक तेरा-चौदा वर्षांचा मुलगा आहे. त्याचे वडील दिवसा लूमवर काम करतात आणि एकादशीला भजन गातात. त्यांचा आवाज मोठा, खुला. त्यांच्या भजनाला लांबून माणसे येतात. मुलाचा आवाज मात्र लहान. सुराला पक्का, पण उंच जागी गेला की बारीक होतो. एका रविवारी, घाईत, सगळ्या मुलांदेखत मी बोलून गेलो की बापाचा गळा काही याच्यात उतरला नाही. बोलणे विसरूनही गेलो. पुढचे दोन रविवार मुलगा आला नाही, तेव्हा कोठे मला ते आठवले.

त्या दुसऱ्या रविवारी परतीच्या गाडीत मी खिडकीशी बसून होतो आणि मन बडोद्यात, माझ्या स्वतःच्या लहानपणी जाऊन पोहोचले होते. माझे वडील एकोणिसाव्या वर्षी दरबारात पेटीच्या साथीला बसू लागले आणि पुढच्या दोन वर्षांतच, १९४९ साली, संस्थान विलीन झाले. मी त्यांना पन्नाशीत झालेला मुलगा. दरबारी साथीदाराचा मुलगा म्हणून मला घरोघर बसवून वाजवायला सांगत, आणि वाजवून झाले की कौतुकाबरोबर एक लहानसा सुस्काराही येई. त्या सुस्काऱ्याचा अर्थ मला फार लवकर कळला होता. तोच सुस्कारा मी आता दुसऱ्याच्या मुलाला दिला होता.

त्या प्रवासात मला सुरेशबाबू माने आठवले, आणि उधना ते बडोदे या वाटेवर दुसरे काही सुचलेच नाही. सुरेशबाबूंची गोष्ट आपल्या गावाशी जडलेली आहे. तरी आपल्या जुन्या मराठी घरांतून ती पुरती कधी सांगितली जात नाही. हीराबाई बडोदेकरांचे नाव निघाले की आपली छाती फुगते. त्यांच्या वडिलांचे नाव आपण आदराने घेतो. आईचा विषय निघाला की आवाज थोडा खाली येतो. आणि थोरल्या भावाचे नाव बहुतेक वेळा राहूनच जाते. ते राहू नये म्हणून हे लिहीत आहे.

सयाजीराव महाराजांच्या काळात बडोदे हे गाण्याचे मोठे पीठ होते. १८८६ साली मौलाबक्षांच्या हाताखाली येथे गायनशाळा निघाली. दरबाराच्या कलावंत कारखान्यात देशभरचे गुणी लोक नोकरीस असत. अशा या गावी एकोणिसाव्या शतकाच्या शेवटच्या दशकात दोन तरुण भाऊ आले: अब्दुल करीम आणि अब्दुल हक. उत्तरेकडील कैराना हे त्यांचे मूळ गाव. त्यावरूनच पुढे किराणा घराण्याचे नाव रूढ झाले. अब्दुल करीम खाँ १८७२ सालचे, म्हणजे बडोद्यास आले तेव्हा विशीच्या आगेमागे. त्यांचा गळा ऐकून दरबार त्यांच्यावर खूश झाला.

राजघराण्याच्या नात्यातले सरदार मारुतीराव माने यांची कन्या ताराबाई. खाँसाहेब त्यांना गाणे शिकवू लागले. शिकता-शिकविता दोघांची मने जुळली. धर्म वेगळा, जात वेगळी, मानमरातब वेगळा. सरदाराची मुलगी आणि दरबारचा गवई या दोघांना त्या काळच्या बडोद्यात एकत्र राहणे शक्यच नव्हते. त्यांनी गाव सोडले. आधी मुंबई आणि मग मिरज हे त्यांचे मुक्काम झाले. मागे बडोद्यात जी चर्चा झाली असेल तिची कल्पना आपण सहज करू शकतो, कारण तिचे उरलेले धागे आपल्या आज्या-पणज्यांच्या बोलण्यातून आपल्यापर्यंत आलेले आहेत.

या दांपत्याला पाच मुले वाढविता आली. थोरला अब्दुल रहमान, जन्म १९०२ चा. त्याच्या पाठचा कृष्णा. मग चंपाकली, गुलाब आणि सर्वांत धाकटी सकीना. यांतली चंपाकली १९०५ साली आणि सकीना १९१३ साली मिरजेस जन्मली. मुलांच्या नावांकडेच पाहिले तरी त्या घराची घडण लक्षात येते. आईचे आणि बापाचे जग एकाच अंगणात नांदत होते.

ते घर म्हणजे रात्रंदिवस चालणारी शाळाच होती. १९१३ साली खाँसाहेबांनी पुण्यास आर्य संगीत विद्यालय चालू केले. विद्यार्थी तेथेच राहत, तेथेच जेवत आणि गुरूच्या डोळ्यांदेखत रियाज करीत. पुढे सवाई गंधर्व म्हणून गाजलेले रामभाऊ कुंदगोळकर हे खाँसाहेबांचे पट्टशिष्य. श्रुतींचा शोध घेणाऱ्या देवल आणि क्लेमेंट्स या अभ्यासकांना खाँसाहेबांनी आपल्या गळ्याने साह्य केले. एक स्वर लावायचा तर तो नेमका कोठे लावायचा, केसभर वर की केसभर खाली, याची चिंता ज्या घरात पाण्याच्या हंड्याइतकी रोजची होती, त्या घरात थोरला मुलगा वाढला. वडील हेच त्याचे पहिले गुरू. शिष्य खूप होते, परंतु गुरूचे रक्त असलेला मुलगा म्हणजे हाच. घराण्याचा दिवा कोण घेणार या प्रश्नाचे उत्तर साऱ्यांनी जणू त्याच्या जन्माबरोबरच ठरवून टाकले असावे.

१९२० सालाच्या आगेमागे ते घर मोडले. ताराबाई पाचही मुलांना घेऊन वेगळ्या झाल्या. नवरा-बायकोच्या मनात काय होते याचा न्याय करणारे आपण कोण? ज्या बाईने एका माणसासाठी सरदारघराणे सोडले, तिने पुढे त्याच माणसाला सोडले, तर तिच्यापाशी कारणे असतीलच. आणि ज्या माणसाचे भरले घर एका दिवसात रिकामे झाले, त्यालाही दुःख झालेच असेल. आपल्या गोष्टीच्या दृष्टीने महत्त्वाचे ते एवढेच की ताराबाईंनी मुलांची नावे बदलली. अब्दुल रहमानचे सुरेश झाले. चंपाकली हीराबाई झाली, गुलाब कमलाबाई झाली, सकीनाची सरस्वती झाली. मुलांनी आजोळचे माने हे आडनाव घेतले. हीराबाई आणि कमलाबाई पुढे बडोदेकर या नावाने उभ्या राहिल्या.

धाकट्या सकीनाचे वय तेव्हा इतके कोवळे की नवे नाव तिच्या अंगी सहज बसले असेल. परंतु थोरल्या मुलाचे तसे नव्हते. तो अठरा वर्षांच्या जवळपास होता. त्याची तालीम झाली होती आणि त्याची ओळखही झाली होती. ज्या नावाने बाप हाक मारी ते नाव गेले, तो बाप गेला. मात्र बापाने गळ्यात घातलेले गाणे जाणार कोठे? नाव बदलता येते, आडनाव बदलता येते, परंतु षड्ज लावण्याची रीत बदलता येत नाही. सुरेशबाबू तोंड उघडीत ते खाँसाहेबांच्या घरचेच. मला वाटते, त्यांच्या आयुष्यातला खरा पेच येथे होता. बापापासून तुटायचे तर गाणे सोडावे लागते, आणि गाणे धरायचे तर बापाशी तुलना चुकत नाही. त्यांनी गाणे धरले.

आता घरात कर्ता पुरुष म्हणजे हाच मुलगा. बहिणींना शिकवायचे कोणी? हीराबाई त्या वेळी पंधरा-सोळा वर्षांच्या. किराण्याचेच दुसरे थोर गवई अब्दुल वहीद खाँ यांची तालीम पुढे या घराला मिळाली आणि हीराबाईंच्या गाण्याचा पाया त्या तालमीने रुंद झाला, हे खरेच आहे. परंतु घरच्या घरी, सकाळ-संध्याकाळ, जेवणाआधी आणि जेवणानंतर स्वर दुरुस्त करणारा गुरू म्हणजे थोरला भाऊ. हीराबाई त्यांच्याकडे शिकल्या, धाकट्या सरस्वतीबाईही त्यांच्याकडे शिकल्या. बापाचा वारसा बापाच्या हातून या मुलींना मिळण्याची वाट बंद झाली होती. ती भावाने आपल्या अंगावरून काढून दिली. हीराबाईंच्या गाण्यातला तो निवांतपणा, एकेका स्वरावर विसावत जाणारी बढत, कोठे धक्का नाही, कोठे तोऱ्याचा दिखावा नाही, हे ऐकताना आपण बडोदेकर म्हणून हरखून जातो. त्या निवांतपणाला घडविणाऱ्या हातांपैकी एक हात सुरेशबाबूंचा होता, ही आठवण मात्र आपल्याला राहत नाही.

घर चालवायला गाण्याबरोबर पैसाही लागतो. ताराबाईंनी नूतन संगीत विद्यालय काढले आणि पुढे त्याची नाट्यशाखाही उभी केली. मराठी रंगभूमीवर स्त्रियांच्या भूमिका पुरुषांनी करण्याची रीत त्या वेळी भक्कम होती. बालगंधर्वांचे वैभव डोळ्यांसमोर होते. अशा दिवसांत घरंदाजपणा सांभाळून हीराबाई स्वतः स्त्रीभूमिका घेऊन रंगमंचावर आल्या. हे धाडस किती मोठे होते ते आज सांगून कळणार नाही. त्याच नाटकांतून सुरेशबाबूही नट म्हणून उभे राहिले. भाऊ-बहिणींचा हा मेळा प्रेक्षकांनी वाखाणला. परंतु नाटक कंपनी म्हणजे कपडे, पडदे, गाड्या, बिऱ्हाडे आणि पगार. त्यातच बोलपट आला. १९३२ साली अयोध्येचा राजा हा मराठी बोलपट निघाला आणि पुढच्या थोड्याच वर्षांत संगीत नाटकांच्या तंबूंतले दिवे एकेक करून विझू लागले. नूतनची नाट्यशाखाही कर्जाचा डोंगर मागे ठेवून बंद पडली.

बोलपटाने कंपनी बुडविली, तशी काही काळ सुरेशबाबूंना वाटही दाखविली. प्रभात कंपनी कोल्हापूर सोडून पुण्यास आली आणि व्ही. शांताराम यांनी १९३४ साली अमृतमंथन काढला. बळी देण्याची प्रथा बंद करू पाहणारा राजा आणि त्याच्याविरुद्ध पेटून उठलेला राजगुरू, असा तो कथाभाग. हिंदी चित्रातील चंद्रमोहन यांचे डोळे आजही जुन्या प्रेक्षकांच्या चर्चेत येतात. शांता आपटे यांची गाणी गाजली. संगीत केशवराव भोळे यांचे होते. त्या चित्रातला माधवगुप्त म्हणजे आपले सुरेशबाबू. चित्र तुफान चालले. एखाद्याने त्या एका यशावर उरलेली वीस वर्षे नटपणात काढली असती. सुरेशबाबूंचे नाव मात्र नट म्हणून पुढे राहिले नाही. ते गाण्याकडे आणि गाणे शिकविण्याकडेच राहिले.

इकडे वडिलांची कीर्ती वाढतच होती. त्यांच्या तबकड्या घराघरांत वाजत. म्हैसूरच्या दरबारात मान होता. दक्षिणेतले गाणे ऐकून त्यातली सरगम त्यांनी आपल्या गाण्यात मोठ्या खुबीने घेतली. २७ ऑक्टोबर १९३७ रोजी, पाँडेचरीकडे जात असता, सिंगपेरुमाळकोविल या लहानशा स्थानकावर त्यांनी देह ठेवला. मिरजेस मीरासाहेबांच्या दर्ग्याच्या आवारात त्यांचे दफन झाले आणि दरवर्षी तेथे त्यांच्या स्मरणार्थ गाणे होते. त्यांचे शिष्य सवाई गंधर्व, त्यांच्या शिष्या गंगूबाई हनगल, शिष्य भीमसेन जोशी, फिरोज दस्तूर, बसवराज राजगुरू, अशी ती वेल दक्षिणोत्तर पसरली. सवाई गंधर्व १९५२ साली गेले आणि १९५३ पासून पुण्यात त्यांच्या नावाचा महोत्सव सुरू झाला. म्हणजे बापाच्या नावाने मिरज, बापाच्या शिष्याच्या नावाने पुणे. मुलगा या दोहोंच्या मध्ये, पुण्यातच, शांतपणे शिकवीत होता.

सुरेशबाबूंच्या तबकड्या मोजक्या. त्या ऐकताना प्रथम तोच परिचित बारीक, गोड, किंचित नाकातला वाटावा असा आवाज भेटतो आणि मन लगेच वडिलांकडे धावते. ही आपली खोड. परंतु पुन्हा एकदा, वडिलांना विसरून ऐकावे. मग दुसरे काही दिसू लागते. वडिलांच्या गाण्यात आर्तता आहे, काळजाला हात घालणारी. मुलाच्या गाण्यात तिच्या जागी एक प्रकारचा समंजसपणा आहे. ठुमरी गातानाही ते रडत नाहीत; ते सांगतात. स्वर दारात उभा राहतो, आत येऊ का म्हणून जणू विचारतो, आणि मग येतो. मैफलीत टाळी घेणारे हे गाणे नव्हे. गाणाऱ्यांनी ऐकावे असे ते गाणे आहे. आणि झालेही तसेच: श्रोत्यांपेक्षा गवयांनीच सुरेशबाबूंना अधिक ओळखले.

त्यांचे शिष्य पाहा. बहिणींची गोष्ट वर आलीच. माणिक वर्मा त्यांच्याकडे शिकल्या. ख्याल, ठुमरी, नाट्यगीत, भावगीत या साऱ्यांत माणिकताईंचा स्वर महाराष्ट्राच्या घराघरांत गेला. वसंतराव देशपांडे त्यांच्याकडे शिकले. नागपूर, लाहोर, पुणे अशा वाटा तुडवीत अनेक गुरूंकडून वेचून घेणारा हा कलावंत. १९६७ साली रंगभूमीवर आलेल्या कट्यार काळजात घुसली या नाटकातील त्यांचे खाँसाहेब ज्यांनी पाहिले ते धन्य होत. प्रभा अत्रे कोवळ्या वयात त्यांच्याकडे शिकल्या आणि त्यांच्या पश्चात हीराबाईंकडे शिकत राहिल्या. किराण्याच्या सरगमीचा विचार प्रभाताईंनी इतका खोल केला की सरगम हाच त्यांच्या डॉक्टरेटच्या प्रबंधाचा विषय झाला.

आता ही तीन गाणी एकापुढे एक ठेवून ऐका. माणिकताईंचे मधाळ, वसंतरावांचे आक्रमक आणि बिजलीसारखे वळणारे, प्रभाताईंचे रेखीव आणि विचारी. एकाच गुरूपाशी बसलेले हे तिघे आहेत असे नवख्याला सांगितले तर त्याचा विश्वास बसणार नाही. ज्या गुरूचा आपल्या गळ्यावर फार अभिमान असतो त्याचे शिष्य बहुधा त्याच्यासारखे खोकतातसुद्धा. सुरेशबाबूंचे शिष्य सुरेशबाबूंसारखे गात नाहीत. मी शिक्षक आहे, म्हणून मला हे फार मोठे वाटते. ज्या माणसाला जन्मभर एका मापाने मोजले गेले, त्याने आपल्या हाताखालच्या कोणालाही त्या मापाने मोजले नाही. आवाज ज्याचा जसा असेल तसा राहू दिला आणि त्याला फक्त खरा केला. हे त्यांनी ठरवून केले की स्वभावानेच झाले, ते मी सांगू शकत नाही; पण झाले हे नक्की, आणि त्याचा पुरावा तीन वेगवेगळ्या गळ्यांत आहे.

१५ फेब्रुवारी १९५३ रोजी पुण्यास सुरेशबाबू गेले. वय पन्नाशीच्या जेमतेम पुढे. गवयाचे गाणे ज्या वयात पिकू लागते त्याच वयात. वसंतरावांचे नाटक त्यांनी पाहिले नाही. १९७० साली हीराबाईंना पद्मभूषण मिळाले, ते त्यांनी पाहिले नाही. ज्या मुलीला त्यांनी स्वर दिला ती प्रभा अत्रे २०२२ साली पद्मविभूषण झाली आणि २०२४ च्या जानेवारीत, एक्क्याण्णव वर्षांची होऊन गेली. म्हणजे गुरूच्या मागे सत्तर वर्षे ती तालीम एका कंठात नांदली. प्रभाताईंनी मुंबईत सुरेशबाबू आणि हीराबाई या दोघांच्या नावाने स्मृतिसंमेलन चालविले, हे त्यांनी गुरुऋण म्हणून केलेले मोठेच काम होय. भावाचे नाव बहिणीच्या नावाआधी घेतलेले मला तरी तेथेच प्रथम आढळले.

बडोद्याच्या वाचकांपाशी मला एक गोष्ट मोकळेपणाने बोलायची आहे. ज्या जोडप्याला या गावात राहता आले नाही, त्याच जोडप्याच्या मुलीने या गावाचे नाव आपल्या आडनावात घेऊन देशभर मिरविले. १९४७ च्या स्वातंत्र्यदिनी दिल्लीत वंदे मातरम् गाण्याचा मान मिळाला तो हीराबाई बडोदेकर या नावाला. तिच्या थोरल्या भावाने मात्र गावाचे नाव घेतले नाही, वडिलांचेही घेतले नाही. त्याने आईच्या घराण्याचे नाव घेतले; आणि ते घराणे आपल्याच गावचे. तेव्हा सुरेशबाबू माने हे नावसुद्धा बडोद्याचेच आहे. ज्या घरांत आजही हा विषय हळू आवाजात काढतात, त्यांनी आता तो मोठ्याने काढायला हरकत नाही. सरदाराच्या लेकीने गवयाशी संसार केला, ही लाज धरण्याची गोष्ट राहिलेली नाही. त्या संसारातून या देशाच्या गाण्याला काय मिळाले त्याचा हिशेब कोणीही मांडून पाहावा.

आणि सुरेशबाबूंचे आयुष्य दुःखाचे होते का? नाव गेले, बाप असून नसल्यासारखा झाला, कंपनी बुडाली, पडद्यावरची कीर्ती टिकली नाही, आयुष्यही पुरते मिळाले नाही. ही यादी वाचली तर होय म्हणावे लागते. परंतु बापाचा गळा मुलात उतरला की नाही, एवढाच प्रश्न आपण विचारीत राहिलो, म्हणून ती यादी एवढी लांब दिसते. हाच प्रश्न उलटा करून विचारावा: मुलातून पुढे काय उतरले? मग यादी निराळी होते, आणि तिच्यात हीराबाई, सरस्वतीबाई, माणिकताई, वसंतराव, प्रभाताई अशी नावे येतात. कोणत्या बापाला एवढी संतती लाभते?

पुढच्या रविवारी वर्गाआधी मी त्या मुलाच्या घरी गेलो. वडील लूमवरून नुकतेच आले होते. मी त्यांच्यासमोरच मुलाला सांगितले की त्या दिवशी मी जे बोललो ते चुकीचे होते आणि गुरूने बोलू नये असे होते. मुलगा काही बोलला नाही. वडिलांनी चहा ठेवला. चहा होईपर्यंत मी त्यांना सुरेशबाबूंची गोष्ट सांगितली, वर लिहिली आहे तशीच, थोडी कमी करून. वडील शांतपणे ऐकत होते. शेवटी ते म्हणाले की लोक मुलाला असे बोलतात ते त्यांच्याही कानावर येते, आणि त्यांना वाटे की आपण भजन थांबवावे म्हणजे मुलाला बरे वाटेल. हे ऐकून मुलाने प्रथमच मान वर केली आणि भजन थांबवायचे नाही, असे ठामपणे सांगितले.

तो वर्गाला पुन्हा येऊ लागला आहे. आवाज अजून लहानच आहे; तो मोठा होईल की नाही मला ठाऊक नाही आणि आता त्याची मला घाईही नाही. गेल्या महिन्यापासून नव्याने आलेल्या दोन लहान मुलींना अलंकार घालून देण्याचे काम मी त्याच्याकडे दिले आहे. त्यांतली एक मुलगी गंधार नेहमी चढा लावते. तो पेटीवर बोट ठेवून तिला पुन्हा पुन्हा म्हणायला लावतो, रागावत नाही, आणि बाहेर लूमची खटखट चालू असतानाही त्याला तिचा गंधार बरोबर ऐकू येतो. मागच्या रविवारी तो नीट लागला. तिच्याआधी ते त्याला कळले होते.